आप्पासाहेबांच्या नावावरची जीप

आप्पासाहेबांना गाडी चालवता येत नव्हती. तिच्यात डिझेल कुठून भरतात हेही त्यांना माहीत असेल असं मला वाटत नाही. पण गाडीत बसायचं कसं, ते त्यांच्याइतकं कुणालाच जमत नसे. ड्रायव्हरशेजारी, पाठ ताठ, कोपर खिडकीबाहेर, आणि अधूनमधून हात वर. समोरच्याने नमस्कार केलेला असो वा नसो.

‘साहेब’ हा त्यांचा हुद्दा नव्हता. बारशाला ठेवलेलं नावच होतं ते. पन्नाशी ओलांडेपर्यंत मात्र ते आपल्याला कुणीतरी बहाल केलेलं पद आहे, अशी त्यांची समजूत झाली होती. आडनाव लिहीत नाही. त्या घरातली बाकीची माणसं चांगली आहेत.

मी जतच्या कोर्टात नाझर आहे. जप्त मुद्देमालाची नोंदवही, किल्ल्या, लिलाव, सुटका हे सगळं माझ्याकडे असतं. आप्पासाहेबांची आणि माझी गाठ पडली ती अशीच. पुढे लिहितो त्यातलं बरंचसं शपथेवरच्या जबाबांत आलेलं आहे. उरलेलं माझ्या खिडकीपाशी कानावर पडलं.

पलूसजवळच्या एका गावात आप्पासाहेबांची सहा एकर उसाची जमीन. धाकटा भाऊ जोतीराम फौजेत हवालदार होता. तो नोकरीत असतानाच अपघातात गेला. त्याच्या मागे बायको साळूबाई आणि मुलगी क्रांती. सरकारकडून जे पैसे आले त्यातून साळूबाईंनी १९९२ साली जुनी जीप घेतली आणि पलूस-तासगाव वडाप सुरू केली. वडाप म्हणजे माणसं भरून गावोगाव सोडायची जीप, हे आमच्या भागात कुणाला सांगावं लागत नाही. हा धंदा कायद्यात कितपत बसतो हा वेगळा प्रश्न आहे. तो कोर्टापुढे कधी आला नाही, म्हणून मीही इथे आणत नाही.

गाडीचे पैसे साळूबाईंचे, ड्रायव्हर साळूबाईंनी ठेवलेला, पण कागदावर नाव आप्पासाहेबांचं. का, तर घरात कर्ता पुरुष जिवंत असताना गाडी बाईच्या नावावर गेली तर लोक काय म्हणतील. वाणिज्य शाखेत आम्हाला नाममात्र मालकावर एक अख्खा धडा होता. नाममात्र मालक आरशासमोर कसा उभा राहतो, हे मात्र त्यात नव्हतं. ते मी आप्पासाहेबांकडे पाहून शिकलो.

मे १९९४ मध्ये आप्पासाहेबांच्या मेव्हण्याकडे उमदीला लग्न होतं. उमदी म्हणजे जत तालुक्याचं टोक. पलीकडे कर्नाटक. आप्पासाहेबांनी साळूबाईंना न विचारता पहाटे चारलाच जीप बाहेर काढायला लावली आणि ड्रायव्हर ज्ञानूला घेऊन लग्नाला गेले. तिथे जिल्ह्यातले कुणी पुढारी आले होते. जेवणं झाल्यावर त्या पुढाऱ्याने सहज विचारलं, “येताय का आमच्याबरोबर?” आप्पासाहेब त्याच्या ॲम्बॅसडरमध्ये जाऊन बसले. मागच्या सीटवर, दोघांच्या मधे. आपली जीप, आपला ड्रायव्हर, आपली चप्पलसुद्धा मांडवात राहिली.

ज्ञानूला अशी मोकळी संधी पुन्हा मिळणार नव्हती. त्याने हद्द ओलांडून पलीकडून पाकिटातल्या दारूची चार पोती आणली आणि मागच्या बाकांखाली कोंबली. परतताना उत्पादन शुल्काच्या पथकाने हात केला. जीप जप्त झाली. दारूबंदी कायद्यात दारू वाहणारी गाडीही गुन्हेगाराइतकीच दोषी धरतात. कोर्ट ती सरकारजमा करू शकतं.

पण याच कायद्यात प्रामाणिक मालकासाठी एक दार उघडं ठेवलेलं आहे. मला हे ठाऊक नव्हतं आणि असं होऊ नये म्हणून मी काळजी घेत होतो, एवढं मालकाने कोर्टाला पटवून दिलं की गाडी परत मिळते. आप्पासाहेबांच्या बाबतीत यातला पहिला भाग शंभर टक्के खरा होता. त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांना कधीच काही ठाऊक नसे. आयुष्यात प्रथमच त्यांच्या अज्ञानाला काही किंमत आली होती, आणि नेमकं तेच कबूल करायला ते तयार नव्हते.

त्यांच्या पहिल्या वकिलाने माझ्या खिडकीसमोरच्या बाकावर बसून प्रतिज्ञापत्र वाचून दाखवलं. “सदर इसम ज्ञानू याने माझ्या अपरोक्ष व मला अंधारात ठेवून...”

“थांबा,” आप्पासाहेब म्हणाले. “अंधारात कोन? मी?”

“असं लिहावं लागतं, आप्पासाहेब.”

“माझा ड्रायव्हर मला अंधारात ठेवतो, आसं मी सही करून द्यायचं? उद्या ह्यो कागद गावात गेला म्हंजे? कारखान्याच्या निवडणुकीला उभा ऱ्हायचं हाय मला.”

“गाडी सोडवायची आहे ना?”

“गाडी काय, आज हाय उद्या न्हाई. मानूस म्हनून काय ऱ्हातंय मग?”

वकिलाने कागदाची घडी घातली. “माणूस आहे तसाच राहील,” ते म्हणाले. “त्याची काळजी करू नका.”

तात्पुरता ताबा मिळण्याचा अर्ज असा पडून राहिला. जीप आवारात चिंचेखाली उभी होती. आप्पासाहेब तारखेला आले की तिच्याभोवती एक फेरी मारत आणि बॉनेटवर थाप टाकत, बैलाच्या पाठीवर टाकावी तशी. मग माझ्या खिडकीशी येऊन विचारत, “नीट ठेवलीय न्हवं?” जणू त्यांनी ती माझ्याकडे विश्वासाने सांभाळायला दिली होती.

ज्ञानूने गुन्हा कबूल केला. दंड भरला, थोडी शिक्षा भोगली आणि मोकळा झाला. त्याच्याबद्दल मला फारसं वाईट वाटत नाही. चोर होता, आणि चोर आहे असं म्हणाला. आता मालकाला नोटीस निघाली की गाडी सरकारजमा का करू नये. आप्पासाहेब पांढऱ्या इस्त्रीच्या कपड्यांत आले. वकील त्यांनी बदलला होता. नवा वकील ‘तुम्ही म्हणाल तसं’ म्हणणारा होता. अशा माणसांना असाच मिळतो.

पिंजऱ्यात उभं राहून त्यांनी अशी साक्ष दिली की टंकलेखकाचा हात दोनदा थांबला.

“गाडी कुठे कुठे जाते ते तुम्हाला माहीत असतं का?” सरकारी वकिलाने विचारलं.

“माझ्या हुकमाबिगर तिचं चाक हालत न्हाई.”

“त्या दिवशी उमदीला गेली, तीही तुमच्या हुकमाने?”

“व्हय. माझ्याच.”

“गाडीत काय भरलंय ते तुम्ही कधी तपासून बघता का? बाकाखाली वगैरे?”

आप्पासाहेब हसले. “बघायची गरज काय? आपला धाकच तेवढा हाय. माझ्या गाडीत कोन काय घालंल?”

“म्हणजे बघत नाही.”

“न्हाईच बघत. बघायला आपुन काय हमाल हाय?”

न्यायाधीशांनी चष्मा काढला, पुसला आणि परत घातला. आठ दिवसांनी निकाल आला. मालक स्वतःच सांगतो की गाडी माझ्या हुकमाने गेली आणि मी ती कधी तपासत नाही. मग काळजी घेतली असं कसं म्हणायचं? जीप सरकारजमा.

बाहेर आल्यावर आप्पासाहेब आपल्या वकिलाला म्हणाले, “बोललो की न्हाई झटक्यात? सरकारी वकील गप झाला.”

सरकारी वकील गप्प झाला, कारण त्याला विचारायचं काही उरलंच नव्हतं.

लिलावाची नोटीस मी फळ्यावर लावली, त्याच्या दुसऱ्या दिवशी साळूबाई पहिल्यांदा माझ्या खिडकीशी आल्या. वय चाळीसच्या आत असेल. बोटांची टोकं काळी पडलेली. जीप गेल्यापासून त्या तासगावकडच्या द्राक्षबागेत मजुरीने घड विरळायला जात होत्या. क्रांती कराडला डिप्लोमाला होती. एक वर्ष सोडून ती घरी आली होती आणि आईबरोबर बागेत जात होती. हे मला त्यांनी सांगितलं नाही. सोबत आलेल्या दीक्षा कांबळे यांनी सांगितलं. त्या सरकारी दवाखान्यात नर्स होत्या आणि रोज त्याच जीपने कामावर जायच्या.

“साहेब, ही गाडी दुसऱ्याच्या नावावर हाय म्हनून माझं बोलनं कुनी ऐकायचंच न्हाई का?” साळूबाईंनी विचारलं.

“आजपर्यंत बोलला का नाहीत?”

त्यांनी दीक्षाबाईंकडे पाहिलं. दीक्षाबाई म्हणाल्या, “त्यांच्यात थोरल्या दिरासमोर बोलत नाहीत. अठरा वर्षं झाली लग्नाला. समोरासमोर एक शब्द बोललेल्या नाहीत. काही सांगायचं तर पोरीच्या तोंडून.”

असे अनेक रिवाज आमच्या भागात आहेत. मान राखायला म्हणून ते झाले. मान राखावा असं ज्याच्याजवळ काही नसतं, तोच त्यांच्या आडोशाला सगळ्यात पुढे जाऊन बसतो.

सांगलीला मिलिंद बनसोडे नावाचे तरुण वकील होते. दीक्षाबाईंनी त्यांच्याकडे नेलं. जीपचा धनाकर्ष साळूबाईंच्या खात्यातून निघाला होता. विकणाऱ्याने पावती त्यांच्या नावाने दिली होती. बनसोड्यांनी अपील केलं, लिलाव थांबवला आणि सत्र न्यायालयाने प्रकरण परत आमच्याकडे पाठवलं. खरी मालक कोण आणि तिने काळजी घेतली होती का, एवढं पाहून पुन्हा ठरवा, असा आदेश. तोवर १९९६ संपत आलं होतं. जीपच्या हूडवर चिंचेचा पाला कुजून काळा थर बसला होता आणि चारही टायर जमिनीला लागले होते.

अपिलाचं कळलं तेव्हा आप्पासाहेब माझ्याकडे आले. संतापाने लाल.

“घरातली बाई कोर्टात जाती! मला न इचारता!”

“तुमचीच गाडी सुटेल त्यात,” मी म्हणालो.

“माझी कुठली? ती तर तिची म्हनून सांगनार हाय.”

एवढ्या एका गोष्टीचं त्यांना दुःख होतं. अडीच वर्षं भावजय दुसऱ्याच्या बागेत राबली त्याचं नाही, पुतणीचं एक वर्ष गेलं त्याचं नाही. जीप सरकारची झाली तर चालेल, लोहाराकडे भंगारात गेली तर चालेल. जोतीरामच्या बायकोची आहे एवढं मात्र जाहीर व्हायला नको.

साक्षीच्या दिवशी ते सगळ्यांच्या आधी येऊन पहिल्या बाकावर बसले. आपल्यासमोर ती तोंड उघडणार नाही याची त्यांना खात्री होती. नोटीस त्यांच्याही नावाने होती, त्यामुळे त्यांना बाहेर बसा म्हणताही येत नव्हतं. गाडीची ओळख पटवण्यासाठी मला किल्ली घेऊन बोलावलं होतं. लाखेचं सील आणि चिठ्ठी बांधलेली ती किल्ली मी टेबलावर ठेवली आणि बाजूला उभा राहिलो.

साळूबाई पिंजऱ्यात चढल्या. पदर कपाळापर्यंत ओढलेला. शपथ घेतली ती कुणाला ऐकूच आली नाही. आता नव्या न्यायाधीश बाई होत्या. त्या म्हणाल्या, “मोठ्याने बोला.”

बनसोड्यांनी विचारलं, “जीप कुणाच्या पैशाने घेतली?”

आप्पासाहेब घसा खाकरले. तेवढं खाकरणंच पुरेसं होतं. साळूबाईंची मान आणखी खाली गेली.

दुसऱ्यांदा विचारलं. उत्तर नाही.

“बाई, तुम्ही बोलला नाहीत तर मला आहे तोच हुकूम कायम करावा लागेल,” न्यायाधीश बाई म्हणाल्या. “गाडी जाईल.”

साळूबाईंनी टेबलावरच्या किल्लीकडे पाहिलं. मग किल्लीवरची नजर न काढता, जणू तिच्याशीच बोलावं तशा, त्या बोलू लागल्या.

“हिच्या जोडीची किल्ली माझ्या पदराला असायची. सकाळी सातला मी ज्ञानूच्या हातात द्यायची, सांजच्याला परत घ्यायची. गाडी आली की मागली दोन्ही बाकं उचलून बाहेर काढायची. मी आन् माझी पोर. खाली पानी मारायचं. लोक पान थुंकत्यात, वैरन नेत्यात, कोंबड्या नेत्यात. धुतल्याबिगर दुसऱ्या दिशी मानूस बसत न्हाई. बाकाखाली काडी जरी ऱ्हायली तरी मला ठावं असायची.”

“रोज?”

“रोज. दोन वरसं. लक्षुमीपूजनाच्या दिशी सुदीक.”

“मग त्या दिवशी किल्ली ज्ञानूकडे कशी?”

पहिल्या बाकावरून पुन्हा खाकरणं आलं. न्यायाधीश बाईंनी आप्पासाहेबांकडे पाहिलं. “तुम्हाला बरं नसेल तर बाहेर पाणी आहे,” त्या म्हणाल्या.

साळूबाई किल्लीलाच सांगत होत्या. “ही दुसरी किल्ली थोरल्या घरात असती. गाडी त्यांच्या नावाची म्हनून. आमी उठायच्या आदी नेली. मी रस्त्यावर जाऊन हुबी ऱ्हायली तर गाडी न्हाई. रोजची मानसं वाट बघत हुबी. दवाखान्याच्या बाईंना म्या सांगितलं, न्हेली, मला इचारलं न्हाई.”

दीक्षाबाईंनी आपल्या साक्षीत तेच सांगितलं. त्या दिवशी कामावर पोचायला दीड तास उशीर झाला आणि तो दवाखान्याच्या हजेरीत लागलेला आहे, हेही सांगितलं. हजेरीची नक्कल बनसोड्यांनी हजर केली. मला असा साक्षीदार आवडतो. बोलतो थोडं आणि कागद आणतो.

मग आप्पासाहेब. ते पिंजऱ्याकडे असे निघाले की जणू सत्काराला बोलावलंय.

“गाडी तुमची?” बनसोड्यांनी नम्रपणे विचारलं.

“नावच हाय माझं.”

“नंबर काय गाडीचा?”

“आमच्या गाडीला लोक नंबरानं वळखत न्हाईत. आप्पासायबाची जीप म्हनत्यात.”

“बरोबर. पण पाटीवर काय आहे?”

“यम्मेच धा... पुढचं हाय काईतरी.”

“रंग?”

“पांढरा.”

न्यायाधीश बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी नोंदवहीतलं वाचलं, “फिकट हिरवा.” मागे कुणीतरी खुदकन हसलं.

“धुतल्यावर पांढरीच दिसती ती,” आप्पासाहेब म्हणाले.

“ज्ञानूला पगार कोण द्यायचं?”

“घरातनं जायचा.”

“कोण द्यायचं?”

“आता बारीकसारीक मी बघत बसत न्हाई.”

“लग्नातून परत तुम्ही जीपने का आला नाहीत?”

इथे मात्र त्यांचा चेहरा उजळला. पुढाऱ्याचं नाव घ्यायची संधी होती. त्यांनी ते घेतलं, वर पदही सांगितलं. “त्यांनीच आग्रह केला. म्हनले, आप्पासाहेब, तुमी आमच्यात बसा.”

“आणि मागे जीपमध्ये काय भरलं ते तुम्हाला माहीत नव्हतं?”

आप्पासाहेबांनी उत्तर द्यायला तोंड उघडलं. माहीत होतं म्हणावं तर दारूच्या गुन्ह्यात अडकायचं. माहीत नव्हतं म्हणावं तर अडीच वर्षं जे टाळलं तेच. एवढा साधा प्रश्न त्यांना इतका अवघड गेलेला पाहून माझी क्षणभर करमणूक झाली. लगेच कंटाळा आला. या एका ‘नाही’साठी एका मुलीचं वर्ष गेलं होतं.

“मोठ्याने बोला,” न्यायाधीश बाई म्हणाल्या.

“न्हवतं,” आप्पासाहेब म्हणाले.

निकाल सतरा ओळींचा होता. मी तो दोनदा वाचला, कारण कामाच्या कागदांत इतकी स्वच्छ भाषा क्वचित मिळते. नोंदणीतला मालक हा नावापुरता आहे. त्याला या वाहनाबद्दल जवळजवळ काहीही माहीत नाही आणि तो त्याचा व्यवहार पाहत नव्हता, हे त्याच्या जबाबातून दिसतं. प्रत्यक्ष मालक साळूबाई असून त्यांनी वाजवी ती सर्व काळजी घेतली होती. वाहन त्यांना परत द्यावं.

थोडक्यात, आप्पासाहेबांना काही कळत नाही हे न्यायालयात सिद्ध झालं, म्हणून जीप सुटली. त्यांच्या हातून घराचं भलं व्हायला दुसरी कुठली वाट असेल असं मला वाटत नाही.

ताब्याच्या दिवशी साळूबाई, क्रांती आणि एक मेकॅनिक पलूसहून आले. मेकॅनिकने दोन टायर आणि बॅटरी सोबत आणली होती. क्रांतीने बाह्या वर करून हूडवरचा पाला ओरबाडून काढला. मी ताबापावती पुढे केली. आप्पासाहेबही हजर होते आणि त्यांनी खिशातलं पेन आधीच उघडलेलं होतं.

“सही साळूबाईंची आहे,” मी म्हणालो.

“नाव माझं हाय पुस्तकात.”

“हुकूम त्यांच्या नावाने आहे. नाव बदलून घ्यायला त्या पुढच्या आठवड्यात जाणारच आहेत. खाली साक्षीदाराची रेघ आहे. तिथे करायची तर करा.”

मला वाटलं ते रागाने निघून जातील. नाही गेले. रेघ दिसल्यावर त्यांना राहवत नसे. साळूबाईंच्या लहानशा, सावकाश काढलेल्या सहीखाली त्यांनी केवढी तरी लफ्फेदार सही केली आणि तिच्याखाली दोन रेघा ओढल्या. जाड असल्यामुळे त्या मागच्या पानावर उठल्या.

तासाभराच्या खटपटीनंतर इंजिन सुरू झालं. काळा धूर चिंचेत गेला. मेकॅनिक स्टिअरिंगवर. साळूबाई ड्रायव्हरशेजारी बसल्या, क्रांती त्यांच्या बाजूला. मेकॅनिकने मागे पाहून हाक दिली, “आप्पा, येताय न्हवं? मागं जागा हाय. फकस्त जुनी बॅटरी पायात धरा.”

“तुमी व्हा म्होरं,” आप्पासाहेब म्हणाले. “मला हितं कामं हायती.”

त्यांना काही काम नव्हतं. पाचला ऑफिस बंद करून मी स्टँडवर गेलो, तेव्हा ते बाकावर बसून मिरजेच्या एस्टीची वाट पाहत होते. शेजारी धोतर-घोंगडीतला एक मेंढपाळ बसला होता. त्याला ते सांगत होते, “तीन वरसं केस चालवली. सरकार एका बाजूला आन् मी एका बाजूला. शेवटाला आज सोडवली गाडी.”

मेंढपाळाने मान हलवली. मग जरा विचार करून त्याने विचारलं, “मंग तुमी येस्टीनं का वो?”

“पुढं लावून दिली,” आप्पासाहेब म्हणाले. “बायामानसं हुती.”

गाडी आली. ती भरलेली होती. मेंढपाळ आत घुसला आणि त्याला जागा मिळाली. आप्पासाहेब कुणीतरी उठेल म्हणून दारातच उभे राहिले. कुणी उठलं नाही. कंडक्टर म्हणाला, “ओ पावणं, दारातनं आत सरका.”